वेलीची विश्रांती



ज्या तालुक्यांच्या महसुली दप्तरांत भातखाचरे आणि वरकस यांचीच नोंद पिढ्यान्‌पिढ्या होत आली, त्या महाड-पोलादपूरच्या परिषदेत अध्यक्षाने द्राक्षवेलीचा विषय काढावा, हे आपणांपैकी काहींना चमत्कारिक वाटेल. परंतु आंबेनळी घाट चढून देशावर जाऊन आलेला आणि तेथील मांडवाखाली लोंबणारे घड पाहून आलेला प्रत्येक तरुण मला एकच प्रश्न विचारतो, की घाटावर पिकते ते येथे का पिकू नये. आणि या प्रश्नाला ‘हवा मानवत नाही’ एवढे त्रोटक उत्तर देऊन त्याची बोळवण करणे मला प्रशस्त वाटत नाही.

महाड आणि बारामती ही दोन्ही गावे सुमारे १८ अंश उत्तर अक्षांशावर आहेत, दोहोंमध्ये सरळ रेषेत उणेपुरे सव्वाशे किलोमीटर अंतर आहे, सूर्य दोघांनाही सारखाच भेटतो. मात्र मध्ये सह्याद्री उभा असल्यामुळे तिकडे वर्षाकाठी जेमतेम ५०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि इकडे ३००० मिलिमीटरहून अधिक. अधिक पाऊस म्हणजे अधिक समृद्धी असा आमचा भाबडा समज. वेलीचा हिशेब निराळा असतो. तिला पाण्याइतकीच विश्रांती लागते, आणि ती कोणी व कशी द्यायची, हाच द्राक्षविद्येचा खरा प्रश्न होय.

फ्रान्स-जर्मनीसारख्या शीत देशांत ही विश्रांती हिवाळा देतो: पाने गळतात, वेल निजते, आणि वसंतात डोळे आपोआप फुटतात. ब्राझीलमध्ये साँव फ्रान्सिस्को नदीच्या खोऱ्यात थंडी नाही. तेथे बागायतदार पाणी तोडून वेलीला निजवतो. आमच्या दख्खनच्या पठारावर हे काम कात्रीकडे आले. एप्रिलच्या खरड छाटणीत जुनी काडी एका-दोन डोळ्यांवर आणायची, नव्या फुटीला उन्हाळ्याचे लख्ख ऊन द्यायचे, आणि ऑक्टोबरच्या गोडी छाटणीनंतर माल धरायचा. नाशिकपासून तासगावपर्यंत सारा व्यवहार या दोन छाटण्यांवर उभा आहे. सांगली जिल्ह्यातील बोरगावच्या वसंतराव आर्वे यांना थॉम्सन वाणाच्या बागेत वेगळी वेल दिसली आणि तिच्यापासून ‘तास-ए-गणेश’ हे वाण आले. ही दृष्टीही मला वाटते वर्षानुवर्षे काडी न्याहाळणाऱ्या या शिस्तीतूनच आली असावी.

आता यातील मर्म पाहा. खरड छाटणीनंतर साधारण ३५ ते ६० दिवसांत पुढच्या हंगामाचा घड डोळ्यात सूक्ष्म रूपाने घडत असतो, आणि त्या काळात आभाळ झाकले गेले तर काडी दिसायला जोमदार, पण वांझ निघते. एप्रिलच्या मध्यावर छाटलेल्या वेलीचा हा नाजूक काळ आमच्याकडे नेमका मृगाच्या तोंडाशी संपत येतो. छाटणीला चार दिवसांचा विलंब झाला की ढगांनी घड गिळलाच म्हणून समजा.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. माझ्या परसात न्हाणीच्या पाणचुलीशेजारी मी एक वेल लावली होती. पहिल्या वर्षी ती मांडवभर पसरली, येणारेजाणारे कौतुक करीत, आणि मीही घड आल्याच्या थाटात ते स्वीकारीत असे. पुढे श्रावणात केवडा रोगाने पाने पिवळी पडून गळाली, ऑक्टोबरच्या छाटणीनंतर दोन-चार घड डोकावले, तेही जिरून त्यांच्या बाळ्या झाल्या. छाटणीची तिथी मी घाटावरच्या पंचांगावरून घेतली होती, ही चूक सर्वस्वी माझी.

वास्तविक द्राक्षकुलाला कोकणचे वावडे नाही. आपल्या रानातला गोलिंदा त्याच कुळातला; तो पहिल्या पावसाबरोबर कंदातून वर येतो, पावसाळाभर झाडांवर चढतो आणि कोरड्या महिन्यांत जमिनीखाली निजतो. म्हणजे आमच्या हवेने आपल्या वेलीला उन्हाळ्याची विश्रांती नेमून दिली आहे, आणि आपण पाहुण्या वेलीला नेमके त्याच उन्हाळ्यात जागवू पाहतो. तेव्हा पाणी कोठून आणणार? एवढा पाऊस पिऊनही पोलादपूरच्या वरच्या वाड्यांतील विहिरी वैशाखात तळ दाखवतात. सावित्रीकाठच्या मळईत पाणी आहे, पण २०२१ च्या जुलैत ती नदी कोठवर चढली होती हे महाडकरांना मी सांगण्याचे कारण नाही. मुळाशी पाणी तुंबलेले द्राक्षाला मुळीच खपत नाही.

केवड्याचे भय त्या मानाने कमी. मोरचूद आणि चुन्याचे बोर्डो मिश्रण १८८५ साली मिलार्दे या वनस्पतिशास्त्रज्ञाने फ्रान्सच्या बागांसाठी प्रसिद्ध केले. तेच एक टक्क्याचे मिश्रण आमचा श्रीवर्धनकडचा बागायतदार सुपारीच्या कोळेरोगावर मारतो. पावसाळी जपानात घडांवर कागदी टोप्या घालून फळ वाचवतात. औषध आणि छत्री विकत मिळते. ऊन मात्र तारखेवर गाठावे लागते.

म्हणून कर्ज काढून एकरभर मांडव उभारण्याची शिफारस मी या व्यासपीठावरून करणार नाही. तशी शिफारस करणाऱ्याला प्रथम त्याच्या विहिरीचे वैशाखातले पाणी विचारावे. ज्यांना हौस आहे त्यांनी उताराच्या, निचऱ्याच्या जागी दोन वेली लावाव्यात. एप्रिलची वाट न पाहता शिमग्याच्या सुमारास खरड छाटणी करावी, म्हणजे घड घडण्याचा काळ मेच्या मध्यापर्यंत निर्वेधपणे आटोपेल. गोडी छाटणी पाऊस पुरता निघून गेल्यावर करावी, मग भातकापणीमुळे गडी आठवडाभर उशिरा मिळाला तरी चालेल. छाटणीची तारीख, पहिल्या ढगाची तारीख आणि काडीवर आलेल्या घडांची संख्या, एवढ्या तीन गोष्टी वहीत टिपून ठेवाव्यात. पुढल्या परिषदेला मी माझी वही घेऊन येईन. तिच्यात घडांच्या रकान्यात शून्य असले, तरी ते खाडाखोड न करता वाचून दाखवीन.