ताबा मिळाला, भोगवट्याचे काय?

(सुवर्ण महोत्सवानिमित्त आयोजित सभेत केलेल्या भाषणाचा मजकूर)



सुवर्ण महोत्सवाच्या मंगल प्रसंगी इमारतींच्या परवानग्यांसारखा रुक्ष विषय कशासाठी, असे आपणांस वाटेल. परंतु आपल्यातील बहुतेकांची आयुष्यभराची पुंजी ज्या चार भिंतींत गुंतली आहे, त्या भिंतींचे कागद किती जणांनी पाहिले आहेत? आपण व्यापारी माणसे. कापडाचा तागा घेताना काठ पाहतो, पन्हा मोजतो, गाठीवरचा शिक्का वाचतो. घर घेताना मात्र किल्ली हाती आली की व्यवहार पूर्ण झाला असे मानतो. कायदा तसे मानत नाही.

मुंबईत इमारत उभी राहते ती तीन टप्प्यांनी. प्रथम महानगरपालिका अधिनियम १८८८ च्या कलम ३४६ अन्वये नकाशांना अटींसह मान्यता मिळते, जिला आपण आयओडी म्हणतो. त्यानंतर महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम १९६६ अन्वये प्रारंभ प्रमाणपत्र मिळते. तेही आधी जोत्यापर्यंत आणि पुढे वरच्या मजल्यांसाठी. शेवटी कलम ३५३-अ अन्वये बांधकामाच्या पूर्णत्वाचा दाखला व भोगवटा परवानगी. हा शेवटचा कागद म्हणजे ‘ओसी’. तो नसेल तर आपण घरात राहतो खरे, पण कायद्याच्या दृष्टीने ती इमारत राहण्यास योग्य ठरलेलीच नसते.

हा कागद का अडतो? कोठे मंजूर चटईक्षेत्रापेक्षा जास्त बांधकाम होते, कोठे वाहनतळाची मोकळी जागा भिंती घालून बंद केली जाते, कोठे आरक्षित भूखंड पालिकेच्या ताब्यात दिलेला नसतो, तर कोठे अधिमूल्य थकलेले असते. बांधकाम व्यावसायिक सदनिका विकून निघून जातो आणि उरलेले ओझे रहिवाशांच्या खांद्यावर येते.

वरळीच्या कॅम्पा कोला वसाहतीचे उदाहरण आपल्या डोळ्यांसमोर आहे. १९८१ ते १९८९ या काळात तेथे सात इमारती उभ्या राहिल्या. मंजुरी पाच मजल्यांची असताना एक इमारत वीस मजल्यांपर्यंत गेली. १९८४ साली पालिकेने काम थांबविण्याची नोटीस दिली, तरी काम चालूच राहिले. पुढे रहिवासी पाणीजोडणीसाठी न्यायालयात गेले आणि अनधिकृत मजल्यांचा प्रश्न ऐरणीवर आला. २७ फेब्रुवारी २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे मजले पाडण्याचा निर्णय कायम केला. रहिवाशांना बिल्डरविरुद्ध दाद मागण्याची मुभा ठेवली. पण पंचवीस-तीस वर्षांनी दाद मागायची कोणाकडे? जून २०१४ मध्ये त्या घरांचे वीज, पाणी व गॅस तोडण्यात आले.

हा जुना इतिहास झाला असे समजू नका. ताडदेव येथील ३४ मजली इमारतीत १७ ते ३४ या मजल्यांना भोगवटा प्रमाणपत्र नव्हते. जुलै २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ते मजले रिकामे करण्याचा आदेश दिला आणि ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप करण्यास नकार दिला.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. कायदा ग्राहकाच्या पाठीशी उभा राहतो, पण जागरूक ग्राहकाच्या. मुंबईच्या समृद्धी सहकारी गृहनिर्माण संस्थेच्या सदस्यांना १९९७ साली ताबा मिळाला, ओसी मिळाली नाही. परिणामी २५ टक्के अधिक मालमत्ता कर आणि ५० टक्के अधिक पाणीपट्टी भरावी लागली. ११ जानेवारी २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की ओसी न देणे ही बिल्डरची सतत चालू राहणारी चूक आहे. मुदत संपली असे म्हणून तक्रार फेटाळता येणार नाही. आपल्या शेजारच्या दहिसरच्या पांचाली सोसायटीनेही चिकाटीने लढा दिला. ३१ ऑगस्ट २०१० च्या निकालाने स्टिल्टमधील वाहनतळ बिल्डरला स्वतंत्रपणे विकता येत नाही, हे साऱ्या महाराष्ट्रासाठी निश्चित झाले.

कांदिवलीकरांना आणखी एक चिंता आहे. आपल्या शेजारी संरक्षण खात्याचे मध्यवर्ती आयुध भांडार, म्हणजे सीओडी आहे. मे २०११ च्या परिपत्रकाने संरक्षण आस्थापनेपासून १०० मीटर, आणि चार मजल्यांहून उंच इमारतींसाठी ५०० मीटर परिघातील बांधकामाचा प्रश्न सुरक्षेशी जोडला गेला. त्यामुळे अनेक जुन्या सोसायट्यांचा पुनर्विकास अडला. २०१६ साली या नियमांत बदल झाले. म्हणून पुनर्विकासाच्या करारावर सही करण्यापूर्वी आपला भूखंड किती अंतरावर आहे व आजचा नियम काय आहे, हे वास्तुविशारदाकडून लेखी घ्यावे. तोंडी आश्वासनाला न्यायालयात किंमत नसते.

आता जरा नाजूक विषय. १६ एप्रिल २०२५ रोजी विलेपार्ले पूर्व येथील दिगंबर जैन मंदिरावर पालिकेची कारवाई झाली. सकल जैन समाजाचे मन व्यथित झाले, हजारो लोक रस्त्यावर उतरले. ती वेदना माझीही आहे. परंतु त्या वेदनेतून आपण एक गोष्ट शिकलो पाहिजे. श्रद्धा मंदिर उभारते. संकटाच्या दिवशी त्याचे रक्षण करण्यास मंजूर नकाशा आणि मिळकत पत्रिकाही लागते. आपल्या धर्मात अदत्तादान, म्हणजे न दिलेले घेणे, वर्ज्य सांगितले आहे. मंजुरी नसलेला मजला हेही एका अर्थी अदत्तच नव्हे काय? तो शेजाऱ्याचा उजेड, रस्त्याची रुंदी आणि अग्निशमन दलाच्या गाडीची वाट घेऊन उभा असतो.

म्हणून विश्वस्त मंडळास माझी नम्र विनंती आहे. या वर्षात न्यासाच्या प्रत्येक वास्तूची एक संचिका तयार व्हावी. तीत मिळकत पत्रिका, मंजूर नकाशे, प्रारंभ प्रमाणपत्र, भोगवटा प्रमाणपत्र आणि अग्निशमन दलाचा ना-हरकत दाखला असावा. जे नसेल त्याची नोंद करून ते मिळविण्याची जबाबदारी एका विश्वस्ताकडे सोपवावी. समाजातील वकील, सनदी लेखापाल व वास्तुविशारद बंधूंनी महिन्यातून एक रविवार ओसी नसलेल्या सोसायट्यांना मार्गदर्शन करावे. राज्य शासनाने २०२५ साली अशा इमारतींसाठी धोरण जाहीर केले आहे. आपली इमारत त्यात बसते का, याची विचारणा उद्यावर ढकलू नका.

पन्नास वर्षांपूर्वी ज्येष्ठांनी पै-पै जमवून हा न्यास उभा केला. पुढील पिढीच्या हाती वास्तू देताना तिचे निर्दोष कागदही देऊ या, एवढीच प्रार्थना करून मी आपली रजा घेतो.

जय जिनेंद्र!