हलत्या चित्रांचे दप्तर

(विंचूर येथील व्याख्यान)



विंचूर हे सरदार विठ्ठल शिवदेवांच्या घराण्याचे गाव. जुन्या कागदाचे मोल येथे निराळे सांगावे लागत नाही. इतिहासाचार्य राजवाडे गावोगाव हिंडले, रद्दीच्या वाटेवरची दप्तरे त्यांनी सोडवून आणली, म्हणून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ हे खंड उभे राहिले. माहितीपटासाठी जुने चित्रीकरण शोधणाऱ्याचे कार्य याच जातीचे. त्याचे दप्तर मात्र फिल्मचे असते.

याचा बोलका दाखला आपल्याच जिल्ह्यातील आहे. त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली मुंबईत झळकला. पुढे नाशिक ही त्यांची कर्मभूमी झाली. १९४४ साली तेथेच त्यांनी देह ठेवला. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. तेथील पी. के. नायर या केरळी गृहस्थांनी फाळके कुटुंबीयांपर्यंत जाऊन उरलेसुरले मिळवले. आज ‘राजा हरिश्चंद्र’चे पहिले आणि अखेरचे रीळ तेवढे शिल्लक आहे. दादासाहेबांनी स्वतःच्या कामाची केलेली एक छोटी चित्रफीतही सुदैवाने उरली आहे. फाळक्यांवर माहितीपट करणाऱ्यास अखेर तिच्याकडेच वळावे लागते. कारण कामात गढलेले दादासाहेब तीत साक्षात दिसतात.

परंतु रीळ हाती आले म्हणजे शोध संपला, असे नव्हे. ‘राजा हरिश्चंद्र’ची ही रिळे १९१३ची नसून फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या चित्रपटाची आहेत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. तरीही त्या दृश्याखाली ‘१९१३’ असे बिनदिक्कत छापणे सोपे वाटते. कथापटातील प्रसंग खरे चित्रण म्हणून खपवणे, हा तर बनावट सनद करण्याचाच प्रकार!

हानी केवढी झाली? भारतात सुमारे १३०० मूकपट निघाले. त्यांतील तीसच्या आसपास उरले आहेत. १९३१चा ‘आलम आरा’ नाहीसा झाला. जुनी नायट्रेट फिल्म चटकन पेट घेई. शिवाय तीतील चांदी काढण्यासाठी रिळे विकली जात. जानेवारी २००३मध्ये पुण्यात लागलेल्या आगीतही अनेक जुनी रिळे भस्मसात झाली.

जे गेले ते गेले. आपल्या घरांच्या माळ्यांवर मात्र अद्याप ८ वा १६ मिलिमीटरची एखादी फिल्म पडून असेल. कोणाचे लग्न, कोठली यात्रा, एखादी मिरवणूक. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबट वास आला, तर फिल्म कुजू लागली असे समजावे. ती हौसेने प्रोजेक्टरवर चढवू नये. आक्रसलेली फिल्म फाटते. कोरड्या, थंड जागी ठेवून जाणकारास दाखवावी. पुण्याचे संग्रहालय आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या अखत्यारीत आहे. तेथे विचारणा करावी. आणि डब्यावरची चिठ्ठी, ती कितीही मळकट असो, काढून टाकू नये. गाव, साल आणि माणसांची नावे बहुधा तेवढ्याच चिठ्ठीवर असतात. नावे नसतील, तर घरातील वडीलधाऱ्यांना जवळ बसवून ती आजच लिहून घ्यावीत.