शांततेचा मुचलका आणि न्यायालयाची नजर

जालना जिल्ह्यांतील जाफराबाद तालुक्यांत टेंभुर्णी हें गांव आहे. तेथें दोन शेजाऱ्यांत शेताच्या बांधावरून वाद उपस्थित झाला, अशी कल्पना करावी. हाणामारी झालेली नाहीं. पण ती होईल, अशी पोलिसांस भीति वाटते. ते तहसीलदाराकडे, म्हणजे कार्यकारी दंडाधिकाऱ्याकडे, अहवाल धाडतात, आणि थोड्याच दिवसांत दोघांच्याही हातीं नोटीस पडते. खेड्यापाड्यांत हिला ‘चॅप्टर केस’ म्हणतात. हें नांव जुन्या फौजदारी संहितेच्या आठव्या प्रकरणावरून रूढ झालें. १ जुलै २०२४ पासून अमलांत आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेंत तें प्रकरण नववें झालें व १०७ कलमाच्या जागीं १२६ कलम आलें. लोकांच्या तोंडचें नांव मात्र तेंच राहिलें.

एरव्हीं फौजदारी न्यायालय घडलेल्या कृत्याचा निवाडा करतें. येथें न घडलेल्या कृत्याचा अंदाज बांधावयाचा असतो. ज्याच्यावर कसलाही गुन्हा शाबीत झालेला नाहीं, अशा मनुष्याकडून एक वर्षापर्यंत शांतता राखण्याचा मुचलका घेतां येतो, आणि तो न दिल्यास त्यास तुरुंगांत ठेवतां येतें. डोकीं फुटेपर्यंत सरकारनें वाट पाहावी, असें कोणीच म्हणणार नाहीं. परंतु हा अधिकार ग्रामीण भागांत बहुधा महसुलाचें काम पाहणाऱ्या अधिकाऱ्याच्या हातीं असतो. म्हणून त्याच्या हुकुमावर न्यायालयाची नजर असणें अगत्याचें आहे.

या प्रश्नाचा सर्वोच्च न्यायालयांत कस लागला, तो मधु लिमये यांच्या खटल्यांत. १९२२ सालीं पुण्यास जन्मलेले हे समाजवादी पुढारी; खटला मात्र बिहारांतील मुंगेरच्या दंडाधिकाऱ्याविरुद्धचा. १९७० सालीं सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांनीं दिलेल्या निर्णयानें १०७ कलम घटनेस धरून आहे, असें ठरलें; परंतु त्यास मर्यादाही पडली. पोलिसांनीं कळविलें तें खरें कीं खोटें, याची चौकशी सुरू केल्यावांचून दंडाधिकाऱ्यास तात्पुरता मुचलका मागतां येत नाहीं. नुसती तारीख पुढें ढकलावयाची आणि तोंवर ‘जामीन दे, नाहीं तर कोठडींत बैस’ असें म्हणावयाचें, हा मार्ग बेकायदेशीर ठरला.

पुढें १९७३ च्या संहितेनें आणखी एक कुंपण घातलें, व तें आजच्या १३५ व्या कलमांतही कायम आहे. चौकशी सहा महिन्यांत पुरी झाली नाहीं, तर ती आपोआप संपते. ती लांबवावयाची असल्यास दंडाधिकाऱ्यानें विशेष कारणें लिहून ठेवलीं पाहिजेत. तीं पोकळ आढळल्यास सत्र न्यायाधीश मुदतवाढ रद्द करूं शकतो. जामिनाचा अखेरचा हुकूम झाला, तर टेंभुर्णीच्या शेतकऱ्यास जालन्याच्या सत्र न्यायालयांत अपील करतां येतें.

मधल्या टप्प्यावरील हुकुमांची गोष्ट निराळी. निव्वळ अंतरिम हुकुमावर पुनरीक्षण चालत नाहीं. येथेंही लिमये यांचेंच नांव पुन्हा येतें. १९७७ सालीं, महाराष्ट्र सरकारविरुद्धच्या एका अब्रुनुकसानीच्या प्रकरणांत, सर्वोच्च न्यायालयानें सांगितलें कीं, अखेरचा नसलेला प्रत्येक हुकूम अंतरिमच असतो असें नाहीं. आणि कायद्याच्या प्रक्रियेचा उघड दुरुपयोग होत असेल, तेथें उच्च न्यायालयाचे अंगभूत अधिकार या मनाईनें बांधले जात नाहींत.

तथापि या सर्व पायऱ्यांचा पाया एकच आहे: दंडाधिकाऱ्यानें लिहिलेली कारणें. वरिष्ठ न्यायालय टेंभुर्णीच्या बांधावर जाऊन उभें राहत नाहीं. त्याच्या पुढें येतात ते कागद. पोलिसांच्या माहितीचें सार, मुचलक्याची रक्कम व मुदत नोटिशीच्या हुकुमांत लिहावयाचीं, हें बंधन तेवढ्यासाठींच आहे. छापील नमुन्यांत नांवें भरून दिलेला हुकूम त्या कसोटीस क्वचितच उतरतो. मुचलका फार तर वर्षाचा. अपील त्याहून अधिक काळ रेंगाळलें, तर जिंकूनही हातीं थोडेंच उरतें. म्हणून ज्यास नोटीस आली, त्यानें ती बारकाईनें वाचावी, नकला मागाव्या, तारखेस हजर राहून आपलें म्हणणें नोंदवून घ्यावें. हें तहसील कचेरींतच घडलें, तर पुढील न्यायालयास पाहण्यासारखें कांहीं राहतें.