नोकरीचा वायदा आणि जमिनीचा दाम



मालवणच्या किनाऱ्यावर आपली मिळकत ती केवढी? चार कलमे, माडाची बाग आणि खाडीकाठचे भाताचे कुणगे. धरण, रस्ता, विमानतळ काहीही आले की तेवढेच जाते. आणि जाताना आपणच एकमेकांना सांगतो, "जमीन गेली तर जांव दे, झिलाक नोकरी गावतली." या वायद्याचे कोर्टात काय झाले, ते आज आपण नीट समजून घेऊ.

1980 मध्ये राज्य सरकारने निर्णय केला की, वर्ग तीन आणि चारच्या जागांमध्ये प्रकल्पग्रस्तांना किमान 5 टक्के जागा द्याव्यात. पुनर्वसन कार्यालयात याद्या झाल्या. दाखला मिळाला म्हणजे आज ना उद्या ऑर्डर येणार, असे आपण धरून चाललो. पुढे प्रकरण उच्च न्यायालयात गेले आणि 2009 मध्ये यादीतून थेट नेमणूक बंद झाली. राखीव जागा राहिल्या, पण जाहिरात निघाली की अर्ज करायचा, परीक्षा द्यायची आणि इतर प्रकल्पग्रस्तांशी स्पर्धा करायची. दाखला म्हणजे नोकरी नव्हे, रांगेत उभे राहण्याची परवानगी.

न्यायालयाने आपल्यावर अन्याय केला काय? रागाच्या भरात उत्तर देऊ नका. घटनेचे 16 वे कलम सांगते की, सरकारी नोकरीत सर्वांना समान संधी असावी. याच तत्त्वावर सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये आंध्रच्या प्रकरणात सांगितले की, केवळ सेवायोजन कार्यालयाने पाठविलेल्या नावांतून भरती करू नका, जाहिरात द्या. 2006 मध्ये कर्नाटकच्या उमादेवी प्रकरणात पाच न्यायमूर्तींनी मागच्या दाराने आत आलेल्यांना कायम होण्याचा हक्क नाकारला. साहेबाच्या ओळखीने भरती होते तेव्हा ज्याची कुणाशी ओळख नाही, त्या आपल्या पोराला हेच तत्त्व वाचवते. ते आपल्याला सोयीचे तेव्हा खरे आणि गैरसोयीचे तेव्हा खोटे, असे म्हणता येणार नाही.

स्थानिकांच्या मागणीचेही तसेच. आपल्या जिल्ह्यातील डी.एड. झालेली मुले शिक्षक भरतीत स्थानिकांना प्राधान्य मागत आली. त्यांचे दुःख खरे आहे. बाहेरचा शिक्षक बदली घेऊन गावी जातो आणि वाडीवरची शाळा पुन्हा रिकामी होते. पण राजस्थानने जिल्ह्यातील आणि ग्रामीण भागातील रहिवाशांना शिक्षक भरतीत जादा गुण दिले, ते सर्वोच्च न्यायालयाने 30 जुलै 2002 रोजी घटनाबाह्य ठरविले. निवासाची अट घालण्याचा अधिकार फक्त संसदेला आहे. तेव्हा ही मागणी जिल्हा परिषदेच्या दारात कितीही ओरडून पदरात पडणार नाही. बदलीचे नियम आणि वेळेवर भरती, हे मात्र राज्य सरकारच्या हातातले आहे. ते मागितले पाहिजे.

राजस्थानच्या त्याच निकालातून आणखी एक शिकण्यासारखे आहे. आधी झालेल्या नेमणुका न्यायालयाने मोडल्या नाहीत. फेरविचार झाला तो कोर्टात गेलेल्या अर्जदारांचा. घरी बसून निकालाची वाट पाहणाऱ्यांच्या हाती काही लागले नाही. राज्य सरकारच्या पदांसाठी 1991 पासून प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. तिथे साधारण एक वर्षाची मुदत असते. जिल्हा परिषदेच्या भरतीसाठी उच्च न्यायालय. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले आहे आणि सिंधुदुर्ग त्याच्या कक्षेत आहे. भरती चालू असताना मध्येच नियम बदलता येत नाहीत, हेही सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2024 मध्ये पक्के केले. म्हणून जाहिरातीचे कात्रण, अर्जाची पोच आणि गुणांची यादी जपून ठेवा. कोर्टात कागद बोलतो.

आता मूळ मुद्दा. ज्या नोकरीची हमी कोणताही सरकारी अधिकारी देऊ शकत नाही, ती दाखवून जमीन कमी भावात घेणे, याला व्यवहार म्हणायचे की फसवणूक? तिलारीच्या धरणात घरदार गेलेल्यांनी नोकरीसाठी वर्षानुवर्षे उपोषणे केली. शेवटी नोकरीऐवजी एकरकमी पैशांचा मार्ग निघाला. 2014 पासून लागू झालेल्या भूसंपादन कायद्यात पर्याय लिहिलेलेच आहेत. प्रकल्पात नोकऱ्या निघत असतील तर नोकरी, नाहीतर कुटुंबाला एकरकमी 5 लाख रुपये, किंवा 20 वर्षे दरमहा किमान 2 हजार रुपये, तेही महागाईशी जोडून.

एका पिढीला एक शिपायाची जागा, आणि त्यापोटी सात पिढ्यांची बाग? हा सौदा आपण यापुढे करायचा नाही. जमिनीचा दाम जमिनीच्या हिशेबाने घ्यायचा, कलमे आणि माड झाडागणिक मोजून घ्यायचे. पुनर्वसनाचा पर्याय ताबा देण्याआधी लेखी घ्यायचा. आणि पोराने नोकरीसाठी जाहिरात वाचून ताठ मानेने परीक्षा द्यायची. त्या परीक्षेत कुणी लबाडी केली, तर मुदतीच्या आत कोर्टाची पायरी चढायची. एकट्या पोराला तो खर्च झेपणार नाही. तो गावाने मिळून उचलायचा, हा ठराव आज आपण करू या.