कुठे वाजवायचं, कुठे थांबायचं

अकलूज म्हटलं की लावणी स्पर्धा आठवते, ढोलकीची थाप आठवते. 2016 साली त्यात ‘सैराट’ची भर पडली. दिग्दर्शक नागराज मंजुळे आपल्या करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, नायिका रिंकू राजगुरू आमच्या अकलूजची. संगीत मात्र पुणे जिल्ह्यातल्या अजय आणि अतुल गोगावले या भावांचं.

वडील महसूल खात्यात नोकरीला. घरात संगीताची परंपरा नाही, रीतसर तालीमही नाही. तरी ‘जोगवा’च्या संगीतासाठी त्यांना 2008 सालचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 2010 मध्ये ‘नटरंग’नं लावणी पुन्हा घराघरांत नेली. ‘सैराट’साठी तर त्यांनी लॉस एंजेलिसला जाऊन मोठा पाश्चात्त्य वाद्यवृंद ध्वनिमुद्रित केला.

मी इथं मुलांना पेटी शिकवतो. चित्रपटाला संगीत देणं म्हणजे काय, असं ती विचारतात. मी त्यांना ‘सैराट’चा शेवट आठवायला सांगतो. व्हायोलिनच्या लाटांवर प्रेम फुललेलं असतं, ‘झिंगाट’वर सगळे नाचलेले असतात. पण आई-वडिलांचा खून झालेल्या घरातून ते लहान मूल रक्ताळलेल्या पावलांनी बाहेर येतं, तेव्हा एकही सूर वाजत नाही. मुलाचं रडणंसुद्धा ऐकू येत नाही.

तिथं करुण सूर लागले असते, तर आपण रडून मोकळे झालो असतो. जातीच्या नावानं होणाऱ्या खुनातून इतकं स्वस्तात सुटता येऊ नये. म्हणून ती शांतता हवी होती.