नुसते ओठ हलवणारी मुलगी

(स्नेहमेळाव्यातील मनोगत)



संयोजकांनी ‘माझा आवडता कलावंत’ यावर पाच मिनिटं बोलायला सांगितलंय. मी पडले सॉफ्टवेअरवाली. गाण्यातलं मला फारसं कळत नाही. तरी बोलणार आहे संगीतकार वसंत देसाईंवर, कारण त्यांचं गाणं आपण सगळ्यांनी रोज सकाळी म्हटलंय. ‘गुड्डी’ चित्रपटातली प्रार्थना! पावसाळ्यात मैदानात चिखल, म्हणून व्हरांड्यात दाटीवाटीनं उभं राहून म्हणायचो. समोर माळशेजचे डोंगर ढगात बुडालेले.

पाचवीत माझा सूर ऐकून शेजारची मैत्रीण फिसकन हसली. (नाव सांगत नाही, दुसऱ्या रांगेत बसली आहे.) त्या दिवसापासून दहावीपर्यंत मी नुसते ओठ हलवले.

पुढे इंजिनिअर झाले, नोकरी लागली, पण सवय सुटली नाही. एका मीटिंगमध्ये हिशेबातली चूक मला स्पष्ट दिसत होती. बाकीचे फाडफाड इंग्रजी बोलत होते. मी नुसती मान हलवली. चूक ग्राहकाकडे गेल्यावर उघडी पडली आणि चार रात्री जागून मलाच निस्तरावी लागली.

नंतर लेकीच्या गाण्याच्या क्लासमध्ये कळलं, की आपली प्रार्थना केदार रागावर बेतलेली आहे. मग घरी येऊन वसंत देसाईंबद्दल वाचत बसले. 1912 साली आजच्या सिंधुदुर्गात जन्म. शास्त्रीय संगीताची तालीम. ‘प्रभात’मध्ये उमेदवारी, मग शांतारामबापूंचं ‘राजकमल’. ‘श्यामची आई’चं संगीत त्यांचंच. 1955 च्या ‘झनक झनक पायल बाजे’त त्यांच्याकडे उस्ताद अमीर खाँ गायले, 1959 च्या ‘गूंज उठी शहनाई’त बिस्मिल्ला खाँची सनई वाजली. 1971 च्या ‘गुड्डी’त त्यांनी वाणी जयराम यांना मियाँ मल्हारातलं असं गाणं दिलं, की ते पेलायला तयारीचाच गळा हवा. आणि त्याच चित्रपटात, त्याच गायिकेच्या आवाजात, ही प्रार्थना, जी शाळेची अख्खी रांग म्हणू शकते.

मला याचंच नवल वाटलं. एवढी विद्या हाताशी असलेल्या माणसानं ती इथे मिरवली नाही. केदारात दोन मध्यम असतात हे ठाऊक नसतानाही आपण दहा वर्षं ती चाल म्हणत होतो. 1975 साली ते गेले, तेव्हा आपला जन्मही झाला नव्हता. पण ही चाल ज्या रांगेसाठी बांधली, त्या रांगेत माझ्यासारखी बेसूर मुलगीही त्यांनी धरली असणार, असं मला वाटतं.

त्यानंतरच्या एका मीटिंगमध्ये मी तोंड उघडलं. इंग्रजी अडखळलं, पण चूक वेळेत सापडली.

आज कार्यक्रमाची सांगता त्याच प्रार्थनेनं आहे. मी आवाज काढून म्हणणार आहे. दुसऱ्या रांगेनं सांभाळून घ्यावं.