‘आपण’ कोणत्या कप्प्यात?



मागच्या महिन्यात गटाची बैठक संपली, पासबुकं पिशवीत गेली, बायका घराकडं वळल्या. एक सून मात्र मागं थांबली. ती पोलीस भरतीच्या लेखी परीक्षेची तयारी करतेय. पहाटे धावायला जाते, मग स्वयंपाक, मग शेत, आणि रात्री सगळे झोपले की व्याकरणाचं पुस्तक. तेच पुस्तक तिनं माझ्यापुढं धरलं. “ताई, तुम्ही बी.ए. आहात ना? मग सांगा, ‘आपण’ हे कोणतं सर्वनाम? एका पानावर पुरुषवाचक लिहिलंय, दुसऱ्या पानावर आत्मवाचक. एकच शब्द, उत्तरं दोन. मी गोल कशाला करू?”

‘तुम्ही बी.ए. आहात’ असं कुणी म्हटलं की मला जरा धडकीच भरते. कॉलेजात असताना मी सर्वनामं पाठ केली होती. मोरो केशव दामल्यांचं ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ 1911 सालचं. त्या वळणानं शिकवतात की मूळ सर्वनामं नऊ: मी, तू, तो, हा, जो, कोण, काय, आपण, स्वतः. एका दमात म्हणायची आणि मार्क घ्यायचे. आठव्या नंबरच्या ‘आपण’मध्ये काय दडलंय, हे मला कुणी विचारलं नाही, मीही कुणाला विचारलं नाही.

तेवढ्यात चपला शोधत असलेली एक मावशी म्हणाली, “सगळ्या बायकांच्या गटात पुरुषवाचक कुठून आला गं?” आम्ही हसलो. पण प्रश्न बरोबर होता. व्याकरणातला पुरुष म्हणजे बाप्या माणूस नव्हे. बोलणारी ती प्रथम पुरुष, ऐकणारी ती द्वितीय पुरुष, आणि जिच्याबद्दल बोलणं चाललंय ती तृतीय पुरुष. तिघी बायका असल्या तरी व्याकरणात तीन पुरुषच!

आता ‘आपण’कडे या. “आपण उद्या बँकेत जाऊ” म्हटलं की त्यात बोलणारीही आली आणि ऐकणारीही. “साहेब, आपण कधी आलात?” म्हटलं की बोलणारी त्यात नाहीच, ‘तुम्ही’ला आदराचा पदर लावलाय फक्त. हे दोन्ही पुरुषवाचक. आणि “ती आपण होऊन हप्ता भरून गेली” म्हटलं की अर्थ होतो स्वतः. ते आत्मवाचक. तिथं ‘स्वतः’ घालून बघायचं. वाक्य चाललं की उत्तर मिळालं.

शब्दाच्या कपाळावर जात लिहिलेली नसते. जुनं लुगडं नेसलं तर लुगडं, चार पदर करून शिवलं तर गोधडी, आढ्याला बांधलं तर लेकराची झोळी. कापड तेच, काम वेगळं. सर्वनाम, क्रियापद, कर्ता, कर्म हे सगळे कप्पे माणसांनी पाडले, बोलणं नीट लावून ठेवता यावं म्हणून. बोलणं आधीचं, कप्पे नंतरचे. शाळेत आपल्याला हे उलटं वाटतं. वाटतं की व्याकरण कुणीतरी वर बसून ठरवलंय आणि आपण खाली राहून चुकतोय.

बँकेच्या अर्जात मात्र या ‘आपण’नं एकदा गंमत केली. ‘आपल्या बँकेत आमच्या गटाचे खाते आहे’ असं मी वाचून दाखवलं, तर एक काकू म्हणाल्या, “आपली बँक? कधी झाली? मग व्याज कशाला घेतात?”

परीक्षेपुरतं उत्तर त्या सुनेला मिळालं. पण पुस्तकातल्या तक्त्यात एक गोष्ट ठळक दिसत नाही, आणि रोजच्या जगण्यात तीच जास्त लागते. तक्त्यात प्रथम पुरुष, अनेकवचन इथं ‘आम्ही’ असतं, ‘आपण’ही असतं. दोन्ही एकाच घरात. मग फरक काय?

तुम्हीच म्हणून बघा: “चला, आपण जाऊ या.” आता म्हणा: “चला, आम्ही जाऊ या.” अडखळलात ना? कधी शाळेची पायरी न चढलेली आजीसुद्धा असं बोलणार नाही. ‘जाऊ या’मध्ये समोरच्याला सोबत घ्यायचं असतं, आणि ‘आम्ही’मध्ये समोरचा बाहेर असतो. हा नियम आजीला कुणी शिकवला नाही, तरी तिचा तो कधी चुकत नाही.

नव्या सुनेचं घ्या. सासरी भाजी करताना ती म्हणते, “आमच्याकडं यात गूळ घालतात.” आमच्याकडं म्हणजे माहेरी. सासूबाईंचे कान लगेच टवकारतात. पुढं कधीतरी, कुणाच्या ध्यानात न येता, ती म्हणते, “आपल्याकडं गूळ नको, यांना आवडत नाही.” आणि त्याच दिवाळीला माहेरी गेली की आईपुढं बोलून जाते, “आमच्याकडं असं करत नाहीत.” आता आमच्याकडं म्हणजे सासर. आई ऐकते आणि गप्प बसते. एवढी मोठी उलथापालथ, आणि ती झाल्याचं सांगतं कोण, तर एक सर्वनाम.

आमचा भाग देगलूर-बिलोलीचा, तेलंगणाच्या शिवेवरचा. गटातल्या एका अक्काचं माहेर पलीकडचं. ती म्हणाली, “तेलुगूतही असंच. मनम् म्हणजे आपण, मेमु म्हणजे आम्ही.” तमिळमध्येही असे दोन शब्द आहेत, गुजरातीतही ‘आपणे’ आणि ‘अमे’ आहेत. संस्कृतात मात्र दोन्हींना ‘वयम्’ एकच, इंग्रजीत ‘वी’ एकच, हिंदीतही बहुतेक करून ‘हम’ एकच. एकदा बँकेतले हिंदी बोलणारे साहेब म्हणाले, “फॉर्म हम भर देंगे.” बाहेर आल्यावर आमच्यात वाद, म्हणजे बँक भरणार की आपण सगळे मिळून भरायचा? मराठीत हा प्रश्न उठलाच नसता.

दादोबा पांडुरंगांनी 1836 साली मराठीचं व्याकरण छापलं. तेव्हापासून आपल्या व्याकरणाचे कप्पे बरेचसे संस्कृतकडून आणि इंग्रजीकडून घेतलेले आहेत. त्या दोन्ही घरांत या फरकाला जागाच नव्हती. मग शिकवताना तो कोपऱ्यात राहिला तर नवल काय? भाषाशास्त्रात त्याला नाव आहे. ऐकणाऱ्याला आत घेणारं ते समावेशक, बाहेर ठेवणारं ते व्यावर्तक. पेरू देशातल्या क्वेचुआ भाषेत असे दोन शब्द आहेत, हे दोमिंगो दे सांतो तोमास या स्पॅनिश धर्मगुरूनं 1560 सालीच आपल्या व्याकरणात नोंदवलं होतं.

हे सगळं मी आज इतक्या उत्साहानं सांगतेय, त्यामागं माझी एक चूक आहे.

आमच्या एका गटात काकूंचे तीन हप्ते थकले. त्यांच्या यजमानांचं दवाखान्याचं निघालं होतं, ते सगळ्यांना माहीत होतं. पण ग्रामसंघाची बैठक जवळ आली होती आणि वही नीट दिसायला हवी होती. ठराव मी सांगितला, सचिवताईंनी लिहिला आणि मोठ्यानं वाचला: ‘थकबाकीदार सदस्याने या महिन्यात पूर्ण भरणा करावा, असे आम्ही सर्व सदस्यांनी ठरवले आहे.’ काकू गोलातच बसल्या होत्या. पहिल्या दिवसापासून, पन्नास रुपये बचतीपासून बसत होत्या.

पुढच्या बैठकीला त्या आल्या नाहीत. त्याच्या पुढच्यालाही नाही. बचतीचे पैसे नातीबरोबर कागदात गुंडाळून पाठवले. मी घरी गेले. मला वाटलं होतं, पैशाची लाज वाटत असेल. काकूंनी चहा ठेवला आणि पाठमोऱ्याच म्हणाल्या, “‘आम्ही सर्व’ म्हणालात तुम्ही. मग मी कोण गं?”

मी म्हणाले, “काकू, ती वहीची भाषा आहे, मनावर घेऊ नका.” पण ते खरं नव्हतं. वहीची भाषा असती तर त्यांना लागलंच नसतं. त्यांच्या देखत ‘आम्ही’ म्हणून आम्ही त्यांना गोलाच्या बाहेर बसवलं होतं, आणि ते त्यांना अचूक ऐकू आलं होतं. बी.ए. मी होते, व्याकरण त्यांना कळत होतं.

म्हणून ‘आपण’ चांगलं आणि ‘आम्ही’ वाईट, असं मी म्हणणार नाही. बँकेला लिहून देताना ‘आम्ही कर्ज फेडू’ हेच बरोबर, तिथं बँक बाहेरचीच आहे. आणि ‘आपण’ही कधी कधी फसवतं. नवरा म्हणतो, “आपण गटातून पन्नास हजार उचलू.” उचलताना आपण, फेडताना मात्र एकट्या तिचं नाव. असा ‘आपण’ कानावर आला की विचारायचं, यात कोण कोण आहे, नावं सांगा.

त्यानंतरच्या बैठकीत नवा ठराव घेतला. काकूंना मी स्वतः जाऊन घेऊन आले. तीन हप्ते सहा महिन्यांत विभागायचे ठरले, आणि ते पहिल्यांदा काकूच बोलल्या. सचिवताईंनी पेन थांबवून विचारलं, “ताई, ठरावात ‘आपण सर्वांनी’ लिहिलं तर चालतं का? तपासणीला कुणी हरकत घेतली तर?” मी म्हटलं, घेऊ दे, तेव्हा बघू. त्यांनी लिहिलं. काकूंनी चष्मा लावून ती ओळ बोटानं वाचली आणि खाली सही केली.

ती भरतीवाली सून शेजारी बसून बघत होती. म्हणाली, “ताई, हा ‘आपण’ पुरुषवाचक, प्रथम पुरुष, अनेकवचन. बरोबर?”

बरोबर, म्हटलं मी. पुढच्या महिन्यात तिची लेखी आहे.